बार्शीचा महबूब पटेल, महाराष्ट्राचा अमर शेख

उर्दूच्या तासाला 'शाइर' हा शब्द आला की मी फळ्यावर त्याच्या शेजारी मराठीतला 'शाहीर' लिहिते. मुलांना गंमत वाटते. अरबीतला शाइर फारसी-उर्दूच्या वाटेने दख्खनमध्ये आला आणि इथे शाहीर झाला. उर्दूतला शाइर मुशायऱ्यात कलाम पढतो, मराठीतला शाहीर उभा राहून डफावर थाप मारतो. डफही अरबीच. पोवाडा मात्र अस्सल इथला, आणि मागे उभे राहून सूर धरणारे झीलकरीही इथलेच. पेशवाईतले सगनभाऊ, जातीने शिकलगार, धर्माने मुसलमान, त्यांच्या लावण्या-पोवाड्यांशिवाय मराठी शाहिरीचा इतिहास लिहिता येत नाही. याच परंपरेत विसाव्या शतकात जे नाव सगळ्यांत उंच गेले ते शाहीर अमर शेख यांचे.

त्यांचे पाळण्यातले नाव महबूब हुसेन पटेल. जन्म २० ऑक्टोबर १९१६, सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीचा. घरी गरिबी. आईचे नाव मुनेरबी. गाण्याचा वारसा त्यांना या आईकडून मिळाला आणि तो मराठी लोकगीतांचा होता. हे मला फार महत्त्वाचे वाटते. मुसलमान माणूस मराठीत लिहितो म्हटले की लोक विचारतात, मराठी कुठे शिकलात? जणू ती शाळेत किंवा दोस्तांकडून उचललेली परकी भाषा आहे. मुनेरबींच्या मुलाला ती आईच्या तोंडून मिळाली. आमच्याकडच्या कितीतरी घरांत असेच आहे. आई मुलाला रागावते उर्दूमिश्रित बोलीत आणि हळदीला, बाळंतपणाला, शेतात गाते ते मराठीत. याची नोंद कोणी ठेवत नाही, कारण ते बायकांचे गाणे.

शिक्षण फार झाले नाही. मोटारीवर क्लीनर म्हणून काम केले, मग बार्शीच्या गिरणीत कामगार झाले. तिथल्या संपात पुढे होते, तुरुंगातही गेले आणि कम्युनिस्ट विचारांकडे वळले. पुढे कोल्हापूरला मास्टर विनायकांच्या स्टुडिओत कामाला लागले, तिथे महबूब पटेलचे अमर शेख झाले. या नावाकडे जरा थांबून पाहावे. 'अमर' संस्कृतातला, 'शेख' अरबीतला. पटेल हे आडनाव ठेवले असते तर धर्म झाकला गेला असता. त्यांचे नवे नाव काहीच झाकत नाही.

१९४४ साली अण्णाभाऊ साठे, द. ना. गवाणकर आणि अमर शेख यांनी मुंबईत लाल बावटा कलापथक उभे केले. वाटेगावच्या मातंग घरातला एक, बार्शीच्या मुसलमान घरातला दुसरा, आणि समोर परळ-लालबागचा गिरणी कामगार. जुन्या शाहिरीचा ढाचा त्यांनी तसाच ठेवला. तोच डफ, तेच तुणतुणे, तीच झांज. राजे-सरदारांच्या लढायांच्या जागी संप, दुष्काळ, सावकार आणि खोलीचे भाडे आले. अण्णाभाऊंची लेखणी मोठी होती, पण लिहिलेले शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत न्यायला गळा लागतो. अमर शेखांचा आवाज पहाडी होता. उघड्या मैदानात हजारोंच्या सभेला तो पुरायचा. नेत्यांच्या भाषणाआधी शाहिराने सभा तापवायची अशी रीतच पडली होती. माझे मत विचाराल तर कित्येक सभांना लोक शाहिरासाठी येत आणि भाषणे पदरात पडत.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात हा आवाज गावोगाव फिरला. फेब्रुवारी १९५६ मध्ये समिती स्थापन झाली, १ मे १९६० ला राज्य झाले. मधल्या काळात आचार्य अत्र्यांचे भाषण आणि अमर शेखांचा डफ ही जोडी लोकांच्या तोंडी बसली. आमच्या घाटंजीकडे मात्र ही आठवण तितकी दाट नाही, त्याला कारण आहे. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत आम्ही मध्य प्रदेशात होतो, राजधानी नागपूर. वेगळ्या विदर्भाची मागणी करणारे लोकनायक बापूजी अणे याच यवतमाळ जिल्ह्यातले, वणीचे. त्यामुळे मुंबईच्या मैदानातले ते गाणे इथे पोचले ते बरेच उशिरा, आणि बरेचसे पुस्तकातून. आमच्याकडचा डफ खडी गंमतीत आणि दंडारीत वाजत होता.

आता एक नाजूक गोष्ट. आपल्यातले बरेच जण अमर शेखांचे नाव फक्त अडचणीच्या वेळी काढतात. कोणी मुसलमानांच्या मराठीपणावर शंका घेतली की पुरावा म्हणून त्यांना पुढे करायचे आणि वाद संपला की परत ठेवून द्यायचे. उलट काही दीनदार मंडळी म्हणतात, ते तर कम्युनिस्ट, ते आपले कसे? मला दोन्ही पटत नाही. त्यांनी कोणाला काही सिद्ध करून दाखवायला डफ हातात घेतला नव्हता. गिरणीत दमलेल्या माणसाची बाजू ते मांडत होते. त्या माणसांत कोकणातले होते, घाटावरचे होते, मदनपुऱ्यातले उर्दू बोलणारे विणकरही होते. त्यांनी जी दोन मासिके संपादित केली त्यांची नावे पाहा: 'युगदीप' आणि 'वख्त की आवाज'. दोन्ही जबानी एकाच माणसाच्या. मी शाळेत दोन्ही शिकवते म्हणून मला ही जोडी विशेष जवळची.

त्यांचे लेखन कमी नाही. 'अमरगीत' हा गीतसंग्रह आणि 'पहिला बळी' हे नाटक १९५१ चे. 'कलश' (१९५८) आणि 'धरतीमाता' (१९६३) हे कवितासंग्रह. अत्र्यांच्या 'महात्मा फुले' (१९५४) आणि नंतर 'प्रपंच' (१९६१) या चित्रपटांत त्यांनी कामही केले. पण शाहिराला पुस्तकावरून तोलणे कठीण. छापील ओळीत डफाची थाप नसते, झीलकऱ्यांनी उचलून धरलेला सूर नसतो, समोरच्या गर्दीचा हुंकार नसतो. अभ्यासक्रमात कवी टिकतात आणि शाहीर मागे पडतात त्याचे हे एक कारण आहे. दुसरे कारण असे की चळवळ जिंकली की तिच्या गाणाऱ्याची गरज सरते. नेत्यांना मंत्रिपदे मिळाली, शाहीर पुन्हा कार्यक्रमांच्या वाटेला लागले.

१९६९ चा पावसाळा फार वाईट गेला. १३ जूनला आचार्य अत्रे गेले. १८ जुलैला अण्णाभाऊ साठे गेले, वय अवघे ४८. २९ ऑगस्टला इंदापूरजवळ मोटार अपघातात अमर शेख गेले. त्यांना ५३ वे वर्षही पुरे झाले नव्हते. अडीच महिन्यांत व्यासपीठावरचे तिघेही संपले. राज्याला तेव्हा नऊ वर्षे झाली होती.

मागे त्यांची मुलगी राहिली, मलिका. पुढे ती स्वतः कवयित्री झाली आणि 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' हे मराठीतले एक अतिशय धीट आत्मकथन तिने लिहिले. मुनेरबींपासून मोजले तर ही मराठीची तिसरी पिढी. मुंबई विद्यापीठात शाहिरांच्या नावाचे अध्यासन आहे, लोककलेचे विद्यार्थी तिथे शिकतात. आमच्या वर्गातल्या मुलांसाठी मी सध्या 'प्रपंच' मिळवला आहे. त्यांनी माणूस आधी पडद्यावर पाहावा, कविता नंतर वाचू.