सेल्स टॅक्सची सुट्टी: गिऱ्हाइकाला की कारखान्याला?

ऑनसाइट जाऊन आलेल्या मित्रांकडून तुम्ही 'टॅक्स फ्री वीकेंड'बद्दल ऐकलं असेलच. शाळा सुरू व्हायच्या आधी, ऑगस्टमध्ये, टेक्सासमध्ये तीन दिवस कपडे, बूट, दप्तरं यांवर सेल्स टॅक्स लागत नाही. १९९९ पासून हे चालू आहे. त्याआधी न्यूयॉर्क राज्याने जानेवारी १९९७ मध्ये कपड्यांवर आठवडाभर अशी सुट्टी दिली होती, कारण शेजारच्या न्यू जर्सीत कपड्यांवर कर नव्हता आणि गिऱ्हाइकं नदी ओलांडून तिकडे पळत होती.

गणित सोपं आहे. तिकडे लेबलवरची किंमत कराशिवाय असते, कर काउंटरवर लागतो. ८० डॉलरची जीन्स, ८.२५ टक्के कर, म्हणजे ८६ डॉलर ६० सेंट. त्या तीन दिवसांत ८० मध्ये ८०. मात्र वस्तू १०० डॉलरच्या आत हवी. १०० ची घेतली तर पूर्ण कर! (ही 'बाउंड्री कंडिशन' कुठल्या टेस्टरने पास केली, देव जाणे.)

मग आपल्याकडे असं का नाही? गंमत म्हणजे या प्रश्नाचा धागा नागपुरातच सापडतो. मी राहतो त्या सक्करदऱ्यापासून फार लांब नाही.

१९३८ साली नागपूर ही मध्य प्रांत आणि वऱ्हाडची राजधानी होती. १९३५ च्या कायद्याने प्रांतांना विक्रीवर कर बसवायचा अधिकार नुकताच मिळाला होता. आपल्या प्रांताने तो लगेच वापरला: पेट्रोल आणि वंगणतेलाच्या किरकोळ विक्रीवर ५ टक्के. दिल्लीचं म्हणणं पडलं की हे तर अबकारी शुल्क झालं आणि तो हक्क आमचा. प्रकरण नव्याने स्थापन झालेल्या फेडरल कोर्टात गेलं. सरन्यायाधीश मॉरिस ग्वायर, सोबत शाह मुहम्मद सुलेमान आणि आपले बॅरिस्टर मुकुंदराव जयकर. २ डिसेंबर १९३८ ला तिघांनीही प्रांताच्या बाजूने कौल दिला. उत्पादनावरचा कर केंद्राचा, विक्रीवरचा प्रांताचा. पुढच्याच वर्षी मद्रासने जवळपास सगळ्याच विक्रीवर कर बसवला आणि हळूहळू देशभर सेल्स टॅक्स आला. आपल्या प्रांताचा सर्वसाधारण विक्रीकर १९४७ चा.

ज्याच्या हातात कर, त्याच्याच हातात सुट्टी. महाराष्ट्राने ती दिलीही, पण कारखान्यांना. १९६४ साली सुरू झालेल्या सामूहिक प्रोत्साहन योजनेत पुढे विक्रीकराची सवलत आली. विदर्भ-मराठवाड्यासारख्या मागास भागात उद्योग यावेत, हा हेतू. तिचे दोन प्रकार होते. एकात कर माफ. दुसऱ्यात, म्हणजे 'डिफरल'मध्ये, कंपनी तुमच्याकडून कर घ्यायची, पण सरकारजमा करायची काही वर्षांनी, बिनव्याजी. म्हणजे सुट्टी कंपनीला, बिल तुम्हाला! राज्याराज्यांत अशा सवलतींची इतकी चढाओढ लागली की १ जानेवारी २००० पासून नव्या उद्योगांना त्या बंद करायचं राज्यांनीच मिळून ठरवलं.

बरं, गिऱ्हाइकाला सुट्टी दिली असती तर ती पोचली असती का? इथे खरी मेख आहे. आपली एमआरपी 'सर्व करांसहित' असते. कर किमतीच्या पोटात लपलेला. २२ सप्टेंबर २०२५ ला, ऐन घटस्थापनेला, साबण-शाम्पूवरचा जीएसटी १८ वरून ५ टक्क्यांवर आला. हिशेबाने ११८ ची बाटली १०५ ला मिळायला हवी. पण जुन्या मालावर नव्या किमतीचं स्टिकर लावणं कंपन्यांच्या मर्जीवर सोडलं होतं. १३ रुपये आपल्या खिशात आले की वाटेतच जिरले, हे बाटलीकडे बघून कसं कळणार?

उलट जिथे कर वेगळा दिसतो, तिथे सुट्टी थेट पोचते. फ्लॅट घेतलेल्यांना आठवत असेल. कोविडमध्ये राज्याने १ सप्टेंबर ते ३१ डिसेंबर २०२० मुद्रांक शुल्क ३ टक्क्यांनी आणि पुढे ३१ मार्च २०२१ पर्यंत २ टक्क्यांनी कमी केलं होतं. ४० लाखांच्या फ्लॅटवर डिसेंबरपर्यंत सरळ १ लाख २० हजार वाचत होते. आरंभ आणि शेवटाची तारीख असलेली, गिऱ्हाइकासाठीची सुट्टी म्हणून माझ्या मते टेक्सासच्या सगळ्यात जवळ जाणारी हीच. (बिल्डरने तेवढाच भाव चढवला नसेल तर, अर्थात.)

जुलै २०१७ मध्ये जीएसटी आला आणि दर ठरवणं कौन्सिलकडे गेलं. आता एकट्या महाराष्ट्राने उठून कपड्यांवर तीन दिवस कर माफ करणं व्यवहारात जवळपास अशक्य. पण पेट्रोल अजून जीएसटीबाहेर आहे. म्हणूनच जुलै २०२२ मध्ये राज्याने व्हॅट कमी केला आणि पेट्रोल लिटरमागे ५ रुपयांनी उतरलं. १९३८ साली नागपूरने ज्या वस्तूपासून सुरुवात केली, नेमकी तीच आज राज्याच्या मुठीत उरली आहे.

थोडक्यात काय, सुट्टी मागण्याआधी कर दिसायला हवा. पुढच्या वेळी बिल चुरगाळून टाकण्याआधी खालच्या दोन ओळी वाचा: सीजीएसटी, एसजीएसटी. आपण नेमकं किती देतो हे माहीत असलं, तरच कुणी सूट दिल्यावर ती मिळाली की नाही हे विचारता येतं.