माहुलीचा आसरा

मध्य रेल्वेने कसाऱ्याकडे जाताना आसनगाव मागे पडते आणि आटगाव जवळ येऊ लागते, तेव्हा डाव्या हातास माहुलीचे सुळके दिसतात. गावकऱ्यांनी त्यांत एक लग्नाचे वऱ्हाडच पाहिले आहे : हा नवरा, ही नवरी, हा भटोबा, ही करवली. आमच्यापैकी अनेकजण ही वाट वर्षानुवर्षे करतात. परंतु या कातळाचा आपल्या पूर्वजांच्या किनाऱ्याशी काय संबंध आला, हे सहसा कोणी विचारीत नाही.

उंच माळावर उभ्या असलेल्या खडकांसाठी न्यूझीलंडमधील कुरा ताव्हिती हे स्थळ प्रसिद्ध आहे. तेथील खडक चुनखडीचा, म्हणजे सागरतळी साचलेल्या जीवांच्या अवशेषांचा. आणि त्याच्या कपारींत माओरी वाटसरू आसरा घेत. माहुलीचा जन्म सागरात नव्हे, अग्नीत झाला. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थरावर थर साचून हा काळा पाषाण बनला. चुनखडी पावसात विरघळते. हा पाषाण भेगाभेगांनी फुटतो, कडे कोसळतात आणि मागे सुळके उरतात. दगड निराळा, परंतु आसऱ्याचे काम एकच.

माहुली, भंडारगड आणि पळसगड मिळून सुमारे २८०० फूट उंचीचे हे दुर्गत्रिकूट होते. इ. स. १६३३ मध्ये दौलताबाद पडले. तरीही शहाजीराजांनी एका बालराजास गादीवर बसवून निजामशाही तगवून धरली. १६३६ मध्ये शहाजहान व आदिलशहा यांचा तह झाला आणि दोन्ही फौजा राजांच्या पाठीस लागल्या. अखेरीस ते माहुलीवर आले. जिजाबाई व सहा वर्षांचे शिवबा त्यांच्यासमवेत होते, असे परंपरा सांगते.

त्या वेळी वसई आणि चौल येथे पोर्तुगीज सत्ता होती. राजांनी पोर्तुगीजांकडे आश्रय मागितला. बलाढ्य शेजाऱ्यांशी वैर नको, म्हणून तो नाकारण्यात आला. समुद्राकडील दार असे बंद झाले. गडाला वेढा पडला. कडे अभेद्य होते; पण बाहेरून मदत येणारच नसेल, तर कडे किती दिवस पुरणार? राजांनी गड सोडला, बालराजा मुघलांच्या हाती गेला आणि निजामशाही संपली.

पुढे शिवाजी महाराजांनी १६५८ मध्ये माहुली घेतली, १६६५ च्या पुरंदरच्या तहात ती मुघलांना दिली. फेब्रुवारी १६७० मध्ये रात्री घातलेला छापा किल्लेदार मनोहरदास गौड याने हाणून पाडला. त्याच वर्षी जून महिन्यात मात्र मोरोपंत पिंगळे यांनी गड पुन्हा स्वराज्यात आणला.

पोर्तुगीजांचा नकार राजकारणाच्या हिशेबाने समजण्यासारखा आहे. दोन प्रबळ शत्रू ओढवून घेणे त्यांना परवडणारे नव्हते. तथापि ज्यांच्या काळात आपल्या किनाऱ्यावर इतकी ख्रिस्तमंदिरे उभी राहिली, त्यांनी आसरा मागणाऱ्यास परत पाठविले, हेही आपल्याच इतिहासाचे पान आहे. ते चिकटवून टाकणे आम्हांस प्रामाणिकपणाचे वाटत नाही.

आज त्या गडाच्या पायथ्याशी कोणी फौज घेऊन येत नाही. मात्र शहापूर-मुरबाडकडील कातकरी कुटुंबे दिवाळीनंतर मुलाबाळांसह वीटभट्ट्यांच्या कामासाठी आपापली गावे सोडून निघतात. काही आपल्या गावांच्या शिवारापर्यंत येतात. त्यांच्यामुळे आपल्यावर कोणती फौज चालून येणार आहे? १६३६ च्या सत्ताधीशांना भीतीचे निमित्त तरी होते. आपल्यापाशी तेही नाही.