उद्याचं आज ठरतं का?

‘उद्या पाऊस पडेल’ हे वाक्य आजच खरं असेल, तर उद्याचं सगळं ठरलेलंच म्हणायचं! सुमारे २३०० वर्षांपूर्वी ग्रीक तर्कपंडित डायोडोरस क्रोनस म्हणाला, जे आहे किंवा पुढे होणार आहे, तेवढंच शक्य. मग माणसाच्या निवडीला अर्थ काय उरला?

न्यूझीलंडच्या आर्थर प्रायर यांना हाच प्रश्न छळत होता. १९५०च्या दशकात त्यांनी ‘होतं’ आणि ‘होईल’ यांना तर्कशास्त्राची चिन्हं दिली आणि डायोडोरसचा युक्तिवाद तपासला. जे अजून ठरलेलंच नाही, ते ‘होईलच’ म्हणणं आज खरं नाही, हे त्यांचं उत्तर.

१९७७मध्ये इस्रायलच्या आमिर प्नुएली यांनी हे कालतर्कशास्त्र संगणकाच्या प्रोग्रॅमना लावलं. तिथे मात्र ‘होईलच’ची खात्री हवी असते. माणसाला हवा असतो, तो उघडा राहिलेला उद्या.