मुख्याध्यापक निवड : न्यायालयीन वाद
शासकीय व अनुदानित शाळांतील मुख्याध्यापकपद ज्येष्ठतेऐवजी गुणवत्तेवर भरण्यास भारतात दिली गेलेली न्यायालयीन आव्हाने. संविधानाचे अनुच्छेद १४ व १६ हा त्यांचा मुख्य आधार (पहा : समान संधी). महाराष्ट्रात १९८१ च्या खासगी शाळा कर्मचारी नियमावलीतील नियम ३ नुसार सेवेची नोंद समाधानकारक असलेला, पात्र शिक्षकांपैकी सर्वांत ज्येष्ठ शिक्षक मुख्याध्यापक होतो. त्यामुळे येथील वाद बहुधा ज्येष्ठता यादीवरून उद्भवतात. ‘ज्येष्ठता-नि-गुणवत्ता’ तत्त्वात किमान गुणवत्ता सिद्ध झाल्यावर ज्येष्ठतेलाच प्राधान्य मिळते, हे सर्वोच्च न्यायालयाने बी. व्ही. शिवय्या खटल्यात (१९९८) स्पष्ट केले. तो खटला ग्रामीण बँकांतील पदोन्नतीचा होता. तरी सेवाविषयक वादांत हा निर्णय पायाभूत ठरतो. अल्पसंख्याक शाळा मात्र ज्येष्ठतेच्या बंधनातून मुक्त आहेत : केरळमधील एन. अम्माद खटल्यात (१९९८) मुख्याध्यापक निवडण्याचा व्यवस्थापनाचा हक्क मान्य झाला (पहा : अनुच्छेद ३०). अंजुमन इशाअत-ए-तालीम न्यास विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालाने (१ सप्टेंबर २०२५) सेवेतील शिक्षकांच्या पदोन्नतीसाठीही शिक्षक पात्रता परीक्षा अनिवार्य ठरली (पहा : शिक्षणहक्क कायदा, २००९), तर अल्पसंख्याक शाळांना ती लागू होते का, हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपविण्यात आला.