राजा परांजपे : चौकटीतली जागा

नट दिग्दर्शक झाला, की एक गोष्ट आधी तपासावी: चौकटीत त्याने स्वतःला कुठे उभे केले? चार्ल्स लॉटन 'द नाइट ऑफ द हंटर'मध्ये (१९५५) स्वतः दिसलाच नाही. चित्रपट पडला आणि त्याचे दिग्दर्शनाचे खातेही तिथेच बंद झाले. चॅप्लिन मात्र बहुतेक वेळा मध्यभागी. मिरजेत १९१० साली जन्मलेल्या राजा परांजपे यांनी दोन्ही जागा वापरून पाहिल्या.

'पुढचं पाऊल'मध्ये (१९५०) पु. ल. देशपांडे, 'लाखाची गोष्ट'मध्ये (१९५२) राजा गोसावी: तरुण नायकाची जागा राजाभाऊंनी दुसऱ्यांना दिली. स्वतःकडे ठेवली ती बिनठिकाणाची माणसे. 'पेडगावचे शहाणे'मधला (१९५२) वेडा, 'ऊन-पाऊस'मधला (१९५४) म्हातारा मास्तर, 'जगाच्या पाठीवर'मधला (१९६०) भटक्या. (पेडगाव आमच्या बीड जिल्ह्यातल्या आष्टीहून फार लांब नाही, पण तेव्हा मध्ये राज्याची हद्द होती. पेडगाव मुंबई राज्यात, बीड हैदराबादेत. वेड पांघरून तिकडे जाण्याची म्हण तेवढी हद्द ओलांडून आलेली.)

ही निवड लहरीची नव्हती, तंत्राची होती. घरात ज्याला जागा नाही तो दारातून, कोपऱ्यातून सगळ्यांना न्याहाळत असतो. म्हणजे दिग्दर्शकाचेच काम तो चौकटीत राहून करतो. त्याला लांबलचक संवाद लागत नाहीत. समोरच्याचे बोलणे त्याच्या चेहऱ्यावर उमटले की झाले. बोलायला ग. दि. माडगूळकरांची लेखणी होती, सुधीर फडक्यांच्या चाली होत्या. 'पाठलाग' (१९६४) हा रहस्यपट बांधणीला चोख. राज खोसलांनी त्यावरून 'मेरा साया' (१९६६) केला. तरी मला तो राजाभाऊंचा कमी वाटतो. सगळा भार कोड्यावर, न्याहाळणाऱ्या माणसावर नाही.

'ऊन-पाऊस'मध्ये मास्तरांची मुले आईबापांचीच वाटणी करतात: आई एकाकडे, बाप दुसऱ्याकडे. लिओ मॅकेरीच्या 'मेक वे फॉर टुमॉरो'ची (१९३७) आठवण होते. राजाभाऊ तेव्हा जेमतेम ४४ वर्षांचे. त्या वयात म्हातारा रंगवायचा म्हणजे खोकला आणि थरथरते हात यांचा मोह मोठा. त्यांचे म्हातारपण मला दिसते ते संकोचात, पोटच्या पोराच्या घरात पाहुण्यासारखे वावरण्यात.

आमच्या जिल्ह्यात दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या जोड्या ट्रॅक्टरमध्ये बसून कारखान्यांकडे निघतात. म्हातारी नातवाला कडेवर घेऊन फाट्यापर्यंत जाते. म्हातारा मागेच, पाराजवळ थांबतो. राजाभाऊंनी चौकटीत स्वतःसाठी धरलेली जागा त्या म्हाताऱ्याची आहे.