होन्या की होनाजी?

भीमाशंकर म्हटलं की आपल्यासारख्या शनिवार-रविवारवाल्यांना शिडी घाट, धुकं आणि शेकरू आठवतं. आज मात्र त्याच डोंगरातल्या एका माणसाच्या नावाबद्दल लिहायचंय.

आंबेगाव तालुक्याच्या पश्चिमेला जांभोरी नावाचं गाव आहे. १८७३ साली तिथल्या एका महादेव कोळी पुढाऱ्याने सावकारांविरुद्ध बंड पुकारलं. प्रकरण सावकारांची नाकं कापण्यापर्यंत गेलं. सरकारने त्याच्यावर हजार रुपयांचं इनाम लावलं आणि जुलै १८७६ मध्ये मेजर डॅनियलने त्याला पकडलं. इंग्रजांच्या १८८५ च्या पुणे गॅझेटियरमध्ये हा माणूस 'होनिया भागोजी केंग्लिया' आहे आणि त्याचं गाव 'जांबुरी'. त्याच्या मुलखात विचाराल तर तो होनाजी केंगले. कुणी होन्याही म्हणतं. आज त्याला बँकेत खातं उघडायचं असतं तर काउंटरवरूनच परत पाठवला असता!

गंमत सोडा. त्याचं भांडणही शेवटी कागदाशीच होतं. कर्जरोखा सावकार लिहिणार, आणि ज्याला वाचता येत नाही तो त्यावर निशाणी करणार. १२ मे १८७५ ला सुप्यात दंगा झाला, तेव्हा शेतकऱ्यांनी आधी हे रोखेच जाळले. त्यावर चौकशी आयोग बसला आणि १८७९ मध्ये डेक्कन अॅग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ अॅक्ट आला. आता शेतकऱ्याचा दस्त गावच्या रजिस्ट्रारसमोर लिहायचा, आणि समोरचा माणूस तोच आहे ना, याची आधी त्याने खात्री करायची. कशी? तर त्याला योग्य वाटेल तशी. म्हणजे बहुधा चार ओळखीच्या माणसांना विचारून.

याच्या दोनच वर्षं आधी, १८७७ मध्ये, स्पेसिफिक रिलीफ अॅक्ट आला होता. तुमचा कायदेशीर दर्जा किंवा मालमत्तेतला हक्क कुणी नाकारत असेल, तर तो तुमचाच आहे असं कोर्टाकडून जाहीर करून घ्यायची सोय त्याच्या कलम ४२ मध्ये होती. १९६३ च्या नव्या कायद्यात तेच कलम ३४ झालं. "दाखल्यावरचा अमुक आणि सातबाऱ्यावरचा तमुक, दोन्ही मीच" हे जाहीर करून मागणारे दावे याच कलमाखाली लागतात.

तुम्ही म्हणाल, एवढं कोर्टात कशाला जायचं? प्रतिज्ञापत्र करा, गॅझेटमध्ये नाव बदला. पण गॅझेट म्हणतं, मी *यापुढे* अमुक. मागच्या कागदावरचा माणूस मीच होतो, हे त्याने सिद्ध होत नाही. आणि प्रतिज्ञापत्र म्हणजे शेवटी आपणच आपल्याबद्दल घेतलेली शपथ. ऑफिसने ती मानली नाही की उरतं दिवाणी कोर्ट, म्हणजे या भागात घोडेगाव नाहीतर जुन्नर. सरकारविरुद्ध दावा असेल तर आधी दोन महिन्यांची नोटीस. एवढं करून निकाल लागला तरी कलम ३५ प्रमाणे तो फक्त दाव्यातल्या पक्षकारांना आणि त्यांच्यामार्फत हक्क सांगणाऱ्यांना बांधतो. ज्या खात्याला प्रतिवादी केलं नाही, ते खांदे उडवायला मोकळं!

आता मूळ प्रश्न. नावं जुळत का नाहीत? आम्ही प्रोग्रामर लोक याला डेटा एंट्रीची चूक म्हणून मोकळे होतो. पण धोंड्या आणि धोंडिबा यात फरक स्पेलिंगचा नाही. कोण कुणाबद्दल लिहितोय, त्याचा आहे. गरिबाचं नाव लिहिताना कारकुनाच्या लेखणीतून 'या' सहज उतरायचा. 'जी' आणि 'बा' मिळायला पत लागायची. पुढे शिकलेल्या नातवाने दाखल्यावर आजोबांचं नाव मानाने लिहिलं, की झाली तफावत!

बायकांचं तर विचारूच नका. सासरी नाव बदललं की पहिलं नाव, मधलं नाव, आडनाव सगळंच नवं. शाळेच्या दाखल्यावर एक बाई, सातबाऱ्यावर दुसरी, आणि दोघींत एकही शब्द सारखा नाही. माहेरच्या जमिनीत वाटा मागायची वेळ आली की हे कळतं.

या डोंगरात याचा अर्थ फार सरळ आहे. २००६ च्या वन हक्क कायद्याखाली दावा करायचा तर १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून जमीन कसतोय हे दाखवायचं. आदिवासी नसलेल्यांनी तीन पिढ्यांचा, म्हणजे ७५ वर्षांचा, रहिवासही दाखवायचा. कागद असतो आजोबांच्या नावावर. तो 'धोंड्या' म्हणजे आपलेच धोंडिबा, हे पटलं तरच तो उपयोगाचा.

मग कोर्ट काय करतं? कागद बघतं, आणि माणसंही ऐकतं. माणसाची ओळख पटवणारी गोष्ट पुराव्यात घेता येते, हे १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम ९ मध्ये होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही ती तरतूद कायम आहे. म्हणून साक्षीला येते एखादी म्हातारी आत्या किंवा शेजारचे काका. ते सांगतात, "व्हय साहेब, ह्यो त्योच." दीडशे वर्षं कागद रंगवूनही कागद आपसात भांडले की विचारायचं शेवटी गावालाच.

फक्त ही माणसं कायमची नसतात. तुमची आजी असेल, तर तिची माहेरची-सासरची सगळी नावं आणि ती कुठल्या कागदावर आहेत ते या रविवारी लिहून घ्या. पुढचा ट्रेक पुढच्या आठवड्यात केला तरी चालेल.

असो.