गोंदियातील मोटार-नोंदणी आणि अपिलाची पायरी

मोटारगाडीच्या नोंदणीविषयी तंटा उत्पन्न झाल्यास मालकाने प्रथम कायद्यात सांगितलेले अपील करावे आणि ते संपल्यावरच उच्च न्यायालयाकडे जावे, हा दंडक आज इतका रूढ झाला आहे की तो मोटार कायद्याइतकाच जुना असावा असे वाटते. गोंदिया परिसराच्या इतिहासावरून ही समजूत तपासून पाहणे हा प्रस्तुत टिपणाचा हेतू आहे.

१९१४ च्या कायद्याने नोंदणीचे नियम करण्याचे काम प्रांतिक सरकारांवर सोपविले होते. १९३९ च्या कायद्याने सर्व प्रांतांसाठी एक चौकट घालून दिली. नोंदणी नाकारली, तहकूब केली अथवा रद्द केली, तर नोटीस मिळाल्यापासून ३० दिवसांत अपील करण्याचा हक्क कलम ३५ ने मालकास मिळाला. गोंदिया तेव्हा मध्यप्रांत व वऱ्हाडातील भंडारा जिल्ह्यात मोडत होते. १९३६ मध्ये स्थापन झालेल्या नागपूर उच्च न्यायालयास कलकत्ता, मद्रास व मुंबई येथील न्यायालयांप्रमाणे रिट काढण्याचा अधिकार नव्हता. अर्थात येथील मालकापुढे अपील आधी की रिट आधी, असा प्रश्नच उभा राहत नव्हता. तो अनुच्छेद २२६ मुळे २६ जानेवारी १९५० पासून उद्भवला.

त्याचे उत्तर लवकरच मिळाले. तंजावर जिल्ह्यातील बसगाड्यांच्या परवान्यांविषयीच्या वीरप्पा पिल्लै खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९५२ मध्ये असे ठरविले की, मोटार कायद्याने स्वतःची अपील-व्यवस्था दिली असल्याने उच्च न्यायालयाने रिटच्या अधिकारात अपील न्यायालयाची भूमिका घेऊ नये. निर्णय परवान्यांचा असला, तरी त्यातील तर्क नोंदणीलाही लागू पडतो. मात्र आक्षेप खुद्द कायद्यावरच असेल, तर अपील अधिकारी त्याचा निवाडा करू शकत नाही. मध्य प्रदेशातील बसमालकांनी भिकाजी नारायण धाकरस खटल्यात राष्ट्रीयीकरणास वाट देणाऱ्या प्रांतिक दुरुस्तीला थेट सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले, ते याच जातीचे होते. १९५५ मध्ये ते हरले, पण अपिलाची पायरी ओलांडली म्हणून नव्हे. पुढे १९५८ च्या महंमद नूह खटल्यात पर्यायी उपाय संपविण्याचा नियम हा धोरणाचा व विवेकाचा आहे, अधिकारावरील बंधन नव्हे, हे स्पष्ट झाले. १९६१ च्या वेंकटेश्वरन खटल्याने त्याची दुसरी बाजू दाखविली: स्वतःच्या दोषाने अपिलाची मुदत दवडणाऱ्यास, आता दुसरा उपाय उरला नाही, असे म्हणून रिट मागता येत नाही.

दरम्यान गोंदियाच्या भोवतालची सीमाच हलली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी भंडारा जिल्हा मुंबई राज्यात आला, शेजारचे बालाघाट मध्य प्रदेशातच राहिले; रिट अर्ज मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे जाऊ लागले. एका राज्यात नोंदलेली गाडी दुसऱ्या राज्यात १२ महिन्यांहून अधिक काळ ठेवल्यास नवे नोंदणीचिन्ह घ्यावे लागे. त्यामुळे काल एका प्रांतातला असलेला गोंदिया–बालाघाट व्यवहार आज आंतरराज्यीय ठरला. १ मे १९९९ रोजी गोंदिया स्वतंत्र जिल्हा झाला. २००० मध्ये पूर्वेस छत्तीसगड हे नवे राज्य आले. १९८८ च्या कायद्यातही कलम ४७ मध्ये १२ महिन्यांचा नियम आणि कलम ५७ मध्ये ३० दिवसांचे अपील कायम आहे. गाडीवर आज एमएच-३५ असे चिन्ह दिसते. त्यामागे सीमांचा हा सारा इतिहास आहे.

यावरून एक निष्कर्ष निघतो. अपील आधी संपविण्याचा दंडक न्यायालयाने स्वतःवर घालून घेतलेला संयम आहे. १९९८ च्या व्हर्लपूल निर्णयाने मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकाराचा अभाव आणि कायद्याच्या वैधतेस आव्हान, असे अपवाद मान्य केले आहेत. परंतु भाताची पोती वाहणाऱ्या ट्रकच्या मालकाचे दुःख बहुधा या अपवादांत बसत नाही. त्याचे दुःख कालहरणाचे असते. अपील केल्याने आदेश आपोआप स्थगित होत नाही, नोंदणी तहकूब असेतो ट्रक उभा राहतो आणि कर्जाचे हप्ते चालूच राहतात. पर्यायी उपाय केवळ अस्तित्वात असून भागत नाही, तो परिणामकारक हवा, असे न्यायालयांनीच सांगितले आहे. नोंदणीच्या तंट्यांत ही परिणामकारकता मुख्यतः काळाने मोजली गेली पाहिजे. अपील करण्यास ३० दिवसांची मर्यादा घालणाऱ्या कलमाने ते निकालात काढण्यास मर्यादा घातलेली नाही, ही उणीव अभ्यासकांनी लक्षात घेण्याजोगी आहे.